घट्ट बुटांचं उदाहरण

७ मार्च, शुक्रवार

दादानं वाक्य वाचून संपवलं, पेन्सिल कानावर ठेवली आणि वर पाहिलं. तोवर टेबलाभोवती हसू फुटलं होतं. टंकनाच्या बाई तोंडावर हात धरून हसत होत्या. सर हसतात म्हणजे त्यांचे नुसते खांदे हलतात, ते हलत होते. मग एकेक जण वाकून टेबलाखाली दादाच्या पायांकडे बघू लागला. मीही हसले. बहुतेक सगळ्यांत आधी मीच हसले. वाक्य माझं होतं.

"'की'नंतरचा स्वल्पविराम काढू का?" दादानं विचारलं.

"काढा," मी म्हणाले. ऑफिसात मी त्याला अहोजाहो करते.

शब्द शेमफास्ट. विशेषण. इतकं जुनं की आता इंग्रजी बोलणाऱ्यांच्याही कानावर पडत नसेल. आमच्या इंग्रजी-मराठी कोशात मी अर्थ दिला: भिडस्त, लाजाळू, संकोची. उदाहरणं दोनच सापडली. दोन्ही जुन्या प्रवचनांतली, आणि दोन्हींत एक सद्गुणी मुलगी मान खाली घालून उभी. सर म्हणाले, "या मुलींना आता बसू द्या. जिवंत माणूस आणा."

चांगलं उदाहरण सापडलं नाही तर संपादकानं वाक्य रचावं आणि त्यापुढे तारा काढावा, असा आमचा नियम आहे. वाक्य होकारी हवं. एखादी गोष्ट काय नाही ते सांगून शब्द कळत नाही. आणि दर शुक्रवारी ते मुद्रितशोधकानं सगळ्यांसमोर मोठ्यानं वाचायचं, आधी न पाहता. डोळा चूक माफ करतो, कान करत नाही, असं सर म्हणतात. आमचा मुद्रितशोधक म्हणजे दादा. माझा सख्खा मोठा भाऊ.

मी जिवंत माणूस आणला. 'तो इतका भिडस्त की दुकानदार त्याच्यासाठी शिडी चढला म्हणून घट्ट बूट विकत घेऊन आला आणि वर्षभर लंगडत चालला.' वर इंग्रजी वाक्य, खाली हे.

हे तोच वाचणार हे लिहिताना लक्षात आलं नाही, असं इथे लिहायला घेतलं होतं. लक्षात होतं. लोक हसतील हेही.

८ मार्च, शनिवार

संध्याकाळी खाली दादाकडे जेवले. मी वरच्या मजल्यावर, तो खालच्या. रोज जेवायला जातेच, आज जाताना पायऱ्या जास्त वाटल्या. दादा नेहमीसारखा. वाक्याबद्दल अवाक्षर नाही. मीही काढलं नाही. त्याला लागलं असेल तर विषय काढून आणखी लागेल, असं मनाला समजावलं. खरं म्हणजे तो "नाही गं" म्हणेल आणि मग मला बरं वाटेल, आणि तेवढ्यासाठी विचारायची लाज वाटली.

वहिनीला मात्र कुठून तरी कळलं होतं.

"वन्सं, यांचे बूट कोशात गेले म्हणे."

"गमतीनं," मी म्हणाले.

"जाऊ देत. घरात तरी कशाला हवेत? भीड भिकेची बहीण म्हणतात. आमच्याकडे दोघी राहतात, वर भाडंही देत नाहीत."

दादा हसला. वाढून घेताना वहिनीनं खुर्चीवरची उशी बाजूला केली. हिरवी, ऑफिसातल्या त्याच्या खुर्चीवरची. "धुवायला म्हणून आणली," ती म्हणाली. "धुतली, वाळली, पण नेतील तर शपथ. विसरभोळेपणाला काही सीमा?"

"नेईन," दादा म्हणाला. मग मला: "चिमणे, एस किती राहिलंय?"

पन्नाशी उलटली तरी मी त्याची चिमणीच आहे. मी म्हटलं, एस हे सगळ्यांत मोठं अक्षर, दोन वर्षं तरी जातील.

"मग दोन वर्षांची निश्चिंती," तो म्हणाला आणि कुणाला उठावं लागू नये अशा आवाजात मीठ मागितलं.

११ मार्च, मंगळवार

सरांनी खोलीत बोलावलं. दार लोटून घ्यायला सांगितलं.

"मालकांचं म्हणणं, टेबलावरचा एक माणूस कमी करा. संपादन आणि मुद्रितं एकाच माणसानं बघायची."

"एक म्हणजे कोण?"

"तुम्ही, नाहीतर दादा." सगळं ऑफिसच त्याला दादा म्हणतं, सरही.

सर पेपरवेट फिरवत होते. तो काचेचा आहे, आत एक बुडबुडा आहे. मी बुडबुड्याकडे बघत राहिले.

"तसं जवळजवळ ठरलंय," सर म्हणाले. "दादा जातील. तुमची हरकत नसली म्हणजे झालं."

"त्यांना सांगितलंत?"

"त्यांचं काही अवघड नाही." सर खिडकीकडे बघत होते. मग थोडे हसले. "तुमचे ते बूट आठवले मला."

म्हणजे हे मी केलं. एक माणूस काढायचा तर कोण तोंड उघडणार नाही, हे मी चारचौघांत हसून सांगितलं होतं, पुढे तारा काढून.

"मग? हरकत?"

"नाही," मी म्हणाले.

'मी जाते' म्हटलं असतं तर जीभ झडली नसती. दोन शब्द. दिवसभर मी शब्दांचेच तर अर्थ लिहिते.

हे गेले तेव्हा घरात बसून माझं काय झालं होतं ते दादानं पाहिलंय. सकाळी उठून कुठे जायचं नसलं की मी अंथरुणातच दुपार करायची. एक दिवस त्यानं मला हाताला धरून इथे आणलं. सरांच्या दारात उभा राहून म्हणाला, "हिला शब्द आवडतात." त्यानं आयुष्यात कुणाकडे काही मागितलेलं मला एवढंच ठाऊक आहे. पुढे मी संपादक झाले, तो मुद्रितशोधकच राहिला. माझी खुर्ची त्याच्या खुर्चीपेक्षा उंच आहे.

आज त्याच खोलीत मी हरकत नाही म्हणाले.

१२ मार्च, बुधवार

वाक्य काढून टाकायचं ठरवलं. त्यानं काय होणार, कोण जाणे. पण निदान छापलं जाऊ नये.

व्युत्पत्तीचे काका शेजारी बसतात. शब्दांच्या मुळांच्या मागे लागलेले, म्हणून लोक त्यांना मूळव्याध म्हणतात, अर्थात पाठीमागे. त्यांना विचारलं, या शब्दाला दुसरं काही उदाहरण मिळेल का.

"का? बूट झकास आहेत."

"अर्थाला बसत नाहीत असं वाटतं."

काका खुलले. मुळाचा विषय निघाला की ते दहा वर्षांनी तरुण होतात. "अर्थच हुकलाय तुमचा. शेपटीचा फास्ट म्हणजे पळणारा नव्हे, घट्ट रोवलेला. खुंटा असतो तसा. लाजेनं रोवून ठेवलेला माणूस. वाईट वागायला निघाला की लाज आतून धरते, हलू देत नाही. त्याला कुणाची भीड नसते."

"मग लाजून लाल होणारा?"

"तो पुढचा माल. लोकांना तो जुना खुंटा समजेनासा झाला, तेव्हा त्यांनी शेपटीला चेहरा लावला. शब्द बदलून शेमफेस्ड झाला. लाज आत होती ती तोंडावर आली." त्यांनी बोट वर केलं. "आपल्याकडे काय म्हणतात? जनाची नाही तर मनाची तरी. तुम्ही जनाची लिहिलीत. ही मनाची."

मी अर्थ खोडून लिहिला: मनाच्या लाजेने धरून ठेवलेला. आणि मग उदाहरणासाठी दिवसभर बसले. कुणीच डोळ्यांसमोर आलं नाही. दोन सद्गुणी मुली तेवढ्या मान खाली घालून उभ्या होत्या.

१३ मार्च, गुरुवार

सरांनी दादाला आत बोलावलं. मी घड्याळाकडे बघू नये म्हणून पेन्सिलीला टोक काढायला घेतलं. टोक निघायच्या आत तो बाहेर आला. इतक्यात? इतक्या वर्षांची नोकरी, आणि हा भला माणूस एक प्रश्नही विचारून आला नाही. आत काय झालं असेल ते मला दिसतच होतं: सर अवघडून बोलायला लागले असतील, आणि त्यांना अवघडायला नको म्हणून यानंच वाक्य पुरं केलं असेल. शिडी, दुकानदार, बूट.

बातमी चहाबरोबर फिरली. टंकनाच्या बाई रडल्या. दादा म्हणाला, "रडता काय? आता तुमच्या चुका कोण काढणार म्हणून?" त्या रडता रडता हसल्या. पुढच्या शुक्रवारचं वाचन करून जाणार म्हणाला.

घरी येताना आम्ही बरोबर होतो. तो किल्लीबद्दल बोलत होता, फाटकाच्या कुलपाची एक किल्ली आणखी करून घ्यायला हवी. मला वाटलं, तो माझ्या तोंडाकडे बघायचं टाळतोय. मी त्याच्याकडे बघायचं टाळत होते, तेव्हा नक्की सांगता येत नाही.

जिन्यात वहिनी भेटली. हातात पिशवी.

"वन्सं, तुम्हाला माहीत होतं?"

खोटं बोलता आलं नाही. "मंगळवारपासून."

"मंगळवारपासून?" तिनं माझ्याकडे नीट पाहिलं. मग अशी हसली की मला जिना उतरून पळून जावंसं वाटलं. "मग बरंच उशिरा कळलं तुम्हाला."

टोमणा होता. लागायचा तिथे लागला.

आज जेवायला गेले नाही. डोकं दुखतंय असं सांगितलं. थोड्या वेळानं दादा ताट झाकून वर घेऊन आला, दाराशी ठेवलं, आणि मी उघडायच्या आत खाली गेला.

१६ मार्च, रविवार

दादा दारातल्या पायरीवर बूट पुसत बसला होता. तेच बूट. इतक्या वर्षांनी अजून तेच. मी शेजारी बसले. ठरवूनच आले होते.

"दादा, सरांनी मला आधी विचारलं होतं."

त्याचा हात थांबला. "काय विचारलं?"

"तू जाणार, माझी हरकत आहे का. मी नाही म्हणाले."

"इतकंच?"

"इतकंच म्हणजे? मी म्हणायला हवं होतं, मी जाते."

"कुठे जाणार होतीस तू?" तो एकदम म्हणाला. रागावल्यासारखा. मग आवाज खाली आणला. "बरं केलंस. नीट बोललीस. आणखी काही म्हणाले का सर?"

"बूट आठवले म्हणाले."

त्याचे कान लाल झाले. लहानपणी काचेची बरणी फुटली होती तेव्हा झाले होते तसे. आता मात्र तो मनातून चिडलाय हे कळलं आणि मला धीर आला, निदान चिडू दे. पण तो परत बूट पुसायला लागला.

"वर्षभर नाही," तो म्हणाला.

"काय?"

"वर्षभर नाही लंगडलो. दोन महिने. मग सैल झाले. उदाहरणात खोटं असू नये."

"त्या दुकानदाराला नाही म्हणता आलं नाही ना तुला?"

"आलं असतं की. त्यानं काय मला धरून ठेवलं होतं? पण धाप लागलेल्या माणसाला परत शिडीवर चढ म्हणायचं, माझ्याच्यानं होईना." बुटात हात घालून त्यानं तो उजेडात धरला. "आणि बूट चांगले आहेत. बघ ना."

आतून वहिनी ओरडली, "झाला का नाही त्या बुटांचा वाढदिवस?"

मी सांगायचं ते सांगितलं होतं. हलकं वाटायला हवं होतं. वाटलं नाही.

२० मार्च, गुरुवार

सरांच्या दारापर्यंत गेले. 'मी जाते, दादाला राहू द्या' हे पाठ केलं होतं. दार उघडंच होतं. सरांनी मान वर केली.

"बोला."

"दादांच्या जागी..."

"ते आता मागे घेता येणार नाही," सर म्हणाले. "मी शब्द दिलाय."

"मालकांना?"

सरांनी चष्मा काढून डोळे चोळले. "तुम्ही दोघं भावंडं मला म्हातारं करणार. जा, काम करा."

मी गेले. किती चटकन गेले हे मी इथे लिहून ठेवते. त्यांनी जा म्हणताच पाय आपोआप वळले, आणि मनात कुठेतरी सुटल्यासारखं झालं. विचारून झालं, आता माझा दोष नाही. हा विचार मी केला. टेबलाशी येईपर्यंत तो करून झालाही होता.

मग बसून उदाहरण लिहिलं. एका झटक्यात आलं. 'ती शेमफास्ट नव्हती. भावाची नोकरी जाते आहे हे ऐकून "हरकत नाही" म्हणाली आणि खुर्चीवर बसून राहिली.' वर इंग्रजी, खाली हे, पुढे तारा.

उद्या दादा ते मोठ्यानं वाचेल. टेबलाभोवतीचे सगळे ऐकतील. तेच हवंय. त्याला मी सगळ्यांसमोर हसले होते.

२१ मार्च, शुक्रवार

आधीचे शब्द वाचून झाले. माझी पाळी आली. दादानं कागद पुढे ओढला. खुर्चीवर उशी नव्हती, तो जरा ठेंगणा दिसत होता.

"शेमफास्ट. विशेषण. जुनं. मनाच्या लाजेने धरून ठेवलेला." त्यानं श्वास घेतला. "ती शेमफास्ट नव्हती."

तो थांबला. शुक्रवारी वाचताना दादा कधी थांबत नाही. त्याचे डोळे ओळीवरून पुढे गेलेले मी पाहिले.

"नकार आहे," तो म्हणाला.

"काय?" सर म्हणाले.

"वाक्य नकारी आहे. नियमात बसत नाही."

"पुढचं वाचा तर खरं."

"पुढचं वाचून काय करायचं, सर? पहिल्या तीन शब्दांतच नियम मोडलाय." त्यानं कानावरची पेन्सिल काढली आणि ओळीवर आडवी रेघ मारली. एक रेघ पुरेशी असते, तो कधी गिरवत नाही. आज त्यानं अक्षर दिसेनासं होईपर्यंत गिरवलं.

"दादा, ते राहू द्या," मी म्हणाले. माझा आवाज मलाच अनोळखी वाटला.

"बाई, नियम नियम असतो. तुम्हाला तरी सूट कशी देणार?" त्यानं माझ्याकडे न बघता खाली लिहायला घेतलं आणि लिहिता लिहिताच वाचलं: "दुकानदार त्याच्यासाठी शिडी चढला, म्हणून त्या शेमफास्ट माणसाने घट्ट बूट विकत घेतले आणि दोन महिने लंगडत चालला."

सगळे हसले. पुन्हा सगळ्यांनी वाकून टेबलाखाली पाहिलं. दादानं हौसेनं एक पाय वर करून दाखवला.

व्युत्पत्तीचे काका तेवढे हसले नाहीत. "आता बसलं," ते म्हणाले. "आता वाक्य अर्थाला बसलं."

मला चारचौघांत शिक्षा हवी होती. ती त्यानं मिळू दिली नाही. संध्याकाळी बरोबर घरी आलो. मी म्हटलं, "दादा, तू ते मुद्दाम खोडलंस."

"चूक होती ती," तो म्हणाला. "चूक दिसली की मी खोडतो. आजपर्यंत त्याचाच तर पगार घेतला." मग फाटकाशी थांबून त्यानं खिशातून नवी किल्ली काढली आणि माझ्या हातात दिली.

२२ मार्च, शनिवार

पान छपाईला गेलं. वाक्य बुटांचं आहे.

दादा फाटकापर्यंत सोडायला आला आणि तिथून परत फिरला. ऑफिसात त्याच्या खुर्चीवर कुणी बसलेलं नाही. मुद्रितं आता माझ्या टेबलावर येतील. टंकनाच्या बाई बारीक टाइप वाचायला एक भिंग वापरत होत्या, पितळी मुठीचं. दादाचं भिंग. तुमच्याकडे कसं, मी विचारलं.

"त्यांनीच दिलं," त्या म्हणाल्या. "मागच्या महिन्यात. म्हणाले, मला आता लागणार नाही."

मी त्यांना महिना परत विचारला. त्यांनी तोच सांगितला. म्हणजे सरांनी शब्द दिला होता तो दादाला, मला विचारायच्याही आधी.

मग मी पुढचा शब्द घेतला. शेमफुल, लाजिरवाणा. जुना नाही, रोजच्या वापरातला आहे. उदाहरणं हवी तितकी मिळतात.